शिवणे आणि स्पर्श

आमच्या घरी महिन्यातले तीन दिवस आईला कावळा शिवत असे. ती मागच्या पडवीत बसे, ताट दुरून सरकवले जाई, पाणी वरून ओतले जाई, आणि आम्ही मुले परसातल्या कावळ्यांकडे संशयाने पाहत असू. यांतल्या नेमक्या कोणत्या कावळ्याने हा उद्योग केला असेल, एवढाच आमचा प्रश्न होता. पुढे आजोबा गेले. दहाव्याला नदीकाठी पिंड ठेवला आणि घरातली झाडून सगळी मोठी माणसे हात जोडून कावळ्याची वाट पाहू लागली. कावळा शिवेना. काकांनी आजीला अंतर देणार नाही असे वचन दिले, बांधाचा वाद मिटवतो म्हणून सांगितले, तेव्हा कुठे एक कावळा उतरला आणि सगळ्यांचा जीव भांड्यात पडला. मी वडिलांना विचारले, आईला शिवतो तो हाच का? उत्तराऐवजी पाठीत धपाटा बसला.

मराठीबाहेरच्या वाचकांना सांगायला हवे की बाईची पाळी आली की तिला ‘कावळा शिवला’ म्हणायची रीत आमच्याकडे अगदी परवापरवापर्यंत होती, आणि पिंडाला कावळा शिवला म्हणजे गेलेल्या माणसाची इच्छा पुरी झाली असे अजूनही मानतात. पक्षी तोच, क्रियापदही तेच. पुढे मलाही कावळा शिवू लागला तेव्हा आणखी एक गोष्ट लक्षात आली. परसदारी शेणगोठ्याच्या कामाला जी बाई येई, तिच्याही ओंजळीत पाणी वरूनच ओतत. तिला मात्र तीन दिवसांची मुदत नव्हती.

मराठीत एखाद्याच्या अंगाला हात लावण्यासाठी दोन शब्द आहेत. ‘स्पर्श’ हा कवितेतला. तो पहिला असतो, ओझरता असतो, त्याने रोमांच उभे राहतात. ‘शिवणे’ हा घरातला. ‘मला स्पर्श करू नकोस’ असे आमच्या आजीने जन्मात कुणाला म्हटले नसेल, ‘शिवू नकोस’ मात्र दिवसातून दहा वेळा. शिवाशीव, शिवताशिवत, शिवलेले धुणे. मुलांचा एक खेळसुद्धा शिवाशिवीचा असतो, त्यात ज्याला शिवले त्याच्यावर ‘राज्य’ येते. बाकी व्यवहारात राज्य नेहमी न शिवणाऱ्याकडेच राहिले. आधुनिक मराठी प्रेमकविता स्पर्शाने ओथंबलेली आहे. तिच्यात शिवणे शोधू गेले तर हाती फारसे लागत नाही. आणि कवितेत जे नाही ते समीक्षेत कुठून येणार?

साहित्यातल्या मानवी शरीराविषयी मराठीत गेल्या शंभरसव्वाशे वर्षांत लिहिले गेले ते बहुतेक एकाच प्रश्नाभोवती: श्लील काय आणि अश्लील काय. म्हणजे शरीर किती दाखवायचे. त्याचा इतिहास सांगायचीही एक ठरलेली वाट आहे. हालाच्या गाथासप्तशतीतल्या गोदाकाठच्या रसरशीत बायकांपासून निघायचे, पेशवाईतल्या लावणीपाशी थांबायचे, इंग्रजी अमलातल्या सोवळेपणाला दोन शब्द सुनवायचे, आणि मग मर्ढेकर, तेंडुलकर असे करत आजवर यायचे. ही वाट खोटी नाही. पण ती डोळ्यांची वाट आहे. मराठीतले शरीर पाहण्याचा विषय झाले त्याच्या कितीतरी आधी ते शिवण्याचा विषय होते, आणि त्या दुसऱ्या वाटेवरचे लेखन आपण धर्म, समाजसुधारणा, दलित साहित्य अशा वेगवेगळ्या कप्प्यांत ठेवून दिले आहे. मला इथे ते कप्पे जरा उघडून एकमेकांशेजारी मांडायचे आहेत.

सुरुवात तेराव्या शतकातच होते. म्हाइंभटांनी संकलित केलेले ‘लीळाचरित्र’ हा मराठीतला पहिला मोठा गद्यग्रंथ. तो चक्रधरांना देव मानणाऱ्यांनी लिहिला आहे, पण त्यातल्या देवाला अंग आहे. तो जेवतो, चालून थकतो, त्याचे पाय चेपले जातात, त्याला बरे वाटत नाही. त्याच्या शिष्यांत बायका पुष्कळ होत्या, आणि त्यांच्यासमोर विटाळाचा प्रश्न येतो तेव्हा चक्रधरांचे उत्तर असे आहे की शरीराच्या बाकीच्या द्वारांतून मळ बाहेर पडतो, नाकातून शेंबूड येतो, तसेच हे एक. सातशे वर्षांपूर्वी दिलेले हे उत्तर शाळेतल्या शरीरशास्त्राच्या तासाला शोभेल इतके कोरडे आहे. त्यात बंडाचा आवेश नाही, स्त्रीत्वाचा गौरव तर नाहीच. शेंबडाच्या पंक्तीला नेऊन बसवले की विटाळाचे भय उरत नाही, एवढेच.

ज्ञानेश्वरांचे शरीर वेगळे. सहाव्या अध्यायात ते कुंडलिनीच्या जागृतीने आतून उजळते, तेराव्यात ‘क्षेत्र’ होते आणि म्हातारपणाने गळून पडणाऱ्या अवयवांसकट आपल्यासमोर येते. ज्ञानेश्वरीवर एवढे लिहिले गेले आहे की मी भर घालत नाही. मला सोयराबाईपाशी लवकर पोचायचे आहे.

सोयराबाई ही चोखामेळ्याची बायको. महार, म्हणजे जन्माने शिवायला न चालणारी. बाई, म्हणजे महिन्यातले काही दिवस आणखी न चालणारी. तिचा देहाच्या विटाळावरचा अभंग महाराष्ट्रात बहुतेकांना ठाऊक असतो, निदान किशोरी आमोणकरांनी गायलेल्या तिच्या दुसऱ्या एका अभंगामुळे तिचे नाव तरी. तिचा युक्तिवाद असा: विटाळ देहातच जन्मतो, देह विटाळातूनच जन्मतो, मग विटाळावाचून झालेला देह दाखवा. चक्रधर विटाळाला किरकोळ करतात. सोयराबाई त्याला सार्वत्रिक करते. ज्या रक्तापासून दूर बसायचे त्याच रक्तातून दूर बसवणारा आला आहे, हे बोलायला आधी ते रक्त आपल्या अंगात असावे लागते. संतसाहित्याची समीक्षा या अभंगाला ‘आत्म्याच्या शुद्धतेचे प्रतिपादन’ म्हणून मोकळी होते. आत्मा त्यात आहेच, पण तो पुढे येतो. युक्तिवाद गर्भाशयाचा आहे.

चोखोबाच्या मरणाची कथा मात्र शरीराचीच आहे. मंगळवेढ्याला गावकुसाचे काम चालू असताना भिंत कोसळली आणि वेठीला लावलेले लोक तिच्याखाली गाडले गेले. साल १३३८ धरतात. सांगतात की नामदेव तिथे गेले तेव्हा कुणाची हाडे कुणाची हे कळेना. ज्या हाडांतून विठ्ठलनाम ऐकू आले ती चोखोबाची, असे ओळखून त्यांनी ती गोळा केली आणि पंढरपूरला महाद्वारासमोर समाधी बांधली. कथा म्हणून ऐकली तरी तिची रचना पाहण्यासारखी आहे. जिवंतपणी ज्याला देवळात पाऊल टाकता आले नाही, त्याचे अस्थिरूप दारापर्यंत पोचते आणि दाराबाहेरच थांबते. नामदेव ती हाडे हातात घेतात, म्हणजे शिवतात. देऊळ शिवत नाही. साने गुरुजींनी १९४७ साली उपोषण केले तेव्हा ते दार दलितांसाठी उघडले. सहाशे नऊ वर्षे झाली होती. आमच्या वाङ्मयेतिहासात हा प्रसंग भक्तीच्या प्रकरणात येतो. शरीराच्या प्रकरणात तो यायला हवा, पण तसे प्रकरणच नाही.

लावणीवर मी थोडक्यात लिहिते, कारण तिची बाजू घेणारे पुष्कळ आहेत. एकच नोंद करते. राम जोशी ब्राह्मण, होनाजी गवळी, परशराम शिंपी, सगनभाऊ मुसलमान; लिहिणाऱ्यांची ही यादी पाहून लावणी हा सगळ्या जातींना एकत्र आणणारा प्रकार वाटतो. नाचणाऱ्या बायका मात्र मोठ्या संख्येने कोल्हाटी, महार, मांग अशा जातींतल्या होत्या. शर्मिला रेगे यांनी हे शब्दांच्या मागे उभे असलेले शरीर दाखवून दिले, तेव्हा शृंगाराची आपली चर्चा किती अर्धवट होती ते कळले. रात्री जिला स्पर्श करायचा तिला दिवसा शिवायचे नाही, ही त्या शृंगाराची अट होती.

मग इंग्रज आले आणि १८६० चा दंडविधान कायदा आला. त्याच्या २९२ व्या कलमाने अश्लीलता हा गुन्हा ठरवला, आणि साहित्यातल्या शरीराला एक नवे घर मिळाले: कोर्ट. तिथे प्रश्न एकच विचारला जातो, हे वाचून मन बिघडेल काय. हाच प्रश्न पुढे समीक्षेने उचलला, फक्त ‘मन’ या जागी ‘अभिरुची’ घातले. पण त्या काळातली शरीरावरची सर्वांत भयंकर मराठी कादंबरी या कलमात बसतच नव्हती. हरिभाऊ आपट्यांची ‘पण लक्षात कोण घेतो?’ ही १८९० साली सुरू झालेल्या ‘करमणूक’मधून क्रमशः येत होती. यमू विधवा होते आणि तिच्यावर बळजबरीने वस्तरा फिरवला जातो. केस काढलेल्या विधवेला आमच्या भाषेत ‘सोवळी’ म्हणतात. म्हणजे एका बाईचे शरीर विद्रूप करायचे आणि त्या विद्रूपतेला शुद्धतेचे नाव द्यायचे. याच १८९० मध्ये नारायण मेघाजी लोखंडे यांच्या पुढाकाराने मुंबईतल्या न्हाव्यांनी विधवांच्या डोक्याला वस्तरा लावणार नाही असे ठरवले. हरिभाऊंवर लिहिणारे वास्तववाद, आत्मनिवेदन, पाल्हाळ या सगळ्यावर लिहितात. वस्तरा धरणारा हात कुणाचा होता आणि त्याने तो खाली ठेवला तेव्हा काय झाले, हे कादंबरीच्या समीक्षेत येत नाही. ते कामगार चळवळीच्या इतिहासात शोधावे लागते.

१९२७ हे साल माझ्या दृष्टीने मराठी शरीराच्या इतिहासातले सर्वांत दाट साल आहे. मार्चच्या २० तारखेला महाडला डॉ. आंबेडकरांनी चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले. जनावरे ज्या तळ्यावर पाणी पीत होती तिथे माणसांच्या हाताने विटाळ झाला म्हणून ते पुढे शेण, गोमूत्र, दूध, दही घालून, मंत्र म्हणून ‘शुद्ध’ करण्यात आले. पाण्यात शेणमूत चालते, हात चालत नाही. चक्रधरांनी केली होती ती शारीरिक स्रावांची यादी इथे उलटी होऊन उभी राहिली. त्याच वर्षी जुलैमध्ये रघुनाथ धोंडो कर्वे यांनी ‘समाजस्वास्थ्य’ हे मासिक काढले. संततिनियमन, गुप्तरोग, कामवासना, हस्तमैथुन यांविषयी सरळ मराठीत लिहायचे, वाचकांच्या शंकांना उत्तरे द्यायची, आणि मुखपृष्ठावर नग्न स्त्रीचे चित्र छापायचे. तिकडे शिवण्याचा प्रश्न, इकडे दिसण्याचा, पाचसहा महिन्यांच्या आत. डिसेंबरात महाडला मनुस्मृती जाळली गेली, आणि त्याच परिषदेच्या निमित्ताने आंबेडकर जमलेल्या बायकांशी लुगडे कसे नेसावे यावर बोलले. गुडघ्यापर्यंतचे लुगडे आणि हातापायांतले हलक्या धातूचे जड दागिने ही तुमची ओळख झाली आहे, ती टाका, असे त्यांचे सांगणे होते. एखाद्या पुढाऱ्याने बायकांच्या पोशाखावर बोलावे हे आज आपल्याला खटकते. पण अस्पृश्य बाईचे पाय उघडे दिसणे ही तिची हौस नव्हती, तो जातीचा नियम होता. दिसणे आणि शिवणे या दोन गोष्टी एकाच शरीरावर कशा लिहिलेल्या असतात, हे त्या भाषणात जितके स्पष्ट आहे तितके त्या काळातल्या कुठल्याही साहित्यविषयक लेखात मला सापडलेले नाही.

आणि मग १९३४. कर्व्यांवर याआधीही एक खटला होऊन दंड झाला होता. आता पुन्हा, वाचकांच्या लैंगिक शंकांना दिलेल्या उत्तरांवरून, अश्लीलतेचा खटला उभा राहिला. त्यांचे वकील म्हणून कोर्टात उभे राहिले डॉ. आंबेडकर. खटला हरले, कर्व्यांना दंड झाला. मासिक मात्र चालूच राहिले, १९५३ साली कर्वे वारले तोपर्यंत. या खटल्याविषयी अलीकडे बरेच बोलले जाते, नाटकसुद्धा आले आहे, आणि बोलताना सूर असा असतो की आंबेडकर आविष्कारस्वातंत्र्याच्या बाजूने होते. होतेच. मला त्यात आणखी काही दिसते. एखाद्या शरीराचा उल्लेखसुद्धा इतरांना भ्रष्ट करतो, या युक्तिवादाशी त्या वकिलाचा परिचय कायद्याच्या पुस्तकातून झालेला नव्हता. अश्लीलतेचा कायदा आणि अस्पृश्यतेचा रिवाज यांची भाषा एकच आहे: बिघडणे, बाटणे, संसर्ग, शुद्धी. हे दोन्ही एकाच वेळी कळू शकणारा माणूस त्या कोर्टात उभा होता. मराठी समीक्षेने तेव्हा हे उचलले असते तर पुढची चाळीस वर्षे वेगळी गेली असती असे मला उगीचच वाटत राहते.

ती तशी गेली नाहीत. १९४७ साली बा. सी. मर्ढेकरांचा ‘काही कविता’ आला आणि त्यावर अश्लीलतेचा खटला झाला. मर्ढेकर निर्दोष सुटले. गंमत अशी की हाच कवी मराठीतला सर्वांत काटेकोर रूपवादी सौंदर्यशास्त्रज्ञ होता. कलाकृती म्हणजे संवाद, विरोध आणि समतोल या लयींची रचना. तिच्यात आशय काय आहे यापेक्षा तो कोणत्या लयीत बसला आहे हे महत्त्वाचे. म्हणून खटल्याच्या काळात आणि नंतरही मर्ढेकरांचा बचाव झाला तो या मार्गाने: ओल्या पिपातले मेलेले उंदीर, यंत्रयुगातली थकलेली शरीरे, वासनेचे उल्लेख हे सगळे एका कलात्म रचनेचे घटक आहेत, म्हणून अश्लील नाहीत. बचाव यशस्वी झाला. पण त्याची किंमत अशी की शरीर साहित्यात येऊ शकते ते घटक बनून, लयीत विरघळून. ते नुसते शरीर म्हणून, वास मारत, आले तर काय करायचे याची तयारी कुणाकडे नव्हती.

उर्दूत मंटो आणि इस्मत चुगताई याच सुमाराला लाहोरच्या कोर्टाच्या पायऱ्या झिजवत होते. मुंबईत ‘लेडी चॅटर्लीज लव्हर’ विकल्याबद्दल पुस्तकविक्रेत्याला झालेली शिक्षा सर्वोच्च न्यायालयाने साठच्या दशकात कायम केली. चंद्रकांत काकोडकरांची ‘श्यामा’ ही कादंबरी ‘रंभा’च्या १९६२ च्या दिवाळी अंकात आली, उच्च न्यायालयाने तिला अश्लील ठरवले, सर्वोच्च न्यायालयाने १९६९ मध्ये लेखकाला सोडले. काकोडकरांना गंभीर लेखक मानणारे तेव्हाही थोडे होते, पण या निमित्ताने बुद्धिमान मराठी माणसांनी पुष्कळ शाई खर्च केली. त्याच दशकात, १९६३ साली, बाबुराव बागूलांचा ‘जेव्हा मी जात चोरली होती’ आला. शीर्षककथेतला तरुण सुरतजवळ रेल्वेच्या नोकरीवर जातो, जात लपवतो. सहकारी त्याला कवी म्हणून मान देतात, घरी जेवायला बोलावतात. जात कळते तेव्हा त्याच अंगावर लाथाबुक्क्या पडतात. अंग तेच. त्यात दिसण्यासारखा काहीच फरक झालेला नाही. डोळ्याने पाहणाऱ्या समीक्षेला इथे पाहायला काही नाही, आणि शरीराच्या चर्चेत ही कथा कधी आली नाही याचे कारण बहुधा हेच असावे. शेजारच्या कन्नडात अनंतमूर्तींनी १९६५ च्या ‘संस्कार’मध्ये हे दोन्ही धागे एकाच कथानकात विणले: एक प्रेत, ज्याला कुणी शिवायचे हे ठरत नाही, आणि एक आचार्य, ज्याचे सगळे पावित्र्य रानातल्या एका स्पर्शात सुटते. ‘संस्कार’ मराठीत वाचली गेली, गाजली. तिच्या उजेडात बागूल पुन्हा वाचावा असे मात्र सुचले नाही.

१९७२ मध्ये हे सगळे एकदम फुटले. ‘सखाराम बाइंडर’ सेन्सॉरने अडवले, प्रकरण उच्च न्यायालयात गेले, नाटक सुटले. वाद झाला तो स्त्रीपुरुषसंबंध आणि शिव्या यांवर. सखाराम आपल्या आईची एक आठवण सांगतो, की ती त्याला ब्राह्मणाघरी जन्मलेला महार म्हणायची. हे वाक्य रंगमंचावरून रोज म्हटले जात होते आणि त्यावर कुणाचा आक्षेप नव्हता.

त्याच वर्षी परभणी जिल्ह्यातल्या ब्राह्मणगावात पाण्यावरून दलित स्त्रियांना विवस्त्र करून मारल्याची घटना घडली. स्वातंत्र्याच्या पंचविसाव्या वर्षी ‘साधना’ने खास अंक काढला, त्यात राजा ढाले यांचा ‘काळा स्वातंत्र्यदिन’ हा लेख होता. दलित स्त्रीची अब्रू घेणाऱ्याला ५० रुपये दंड आणि राष्ट्रध्वजाच्या अपमानाला ३०० रुपये दंड, हा कोणता न्याय, असा त्यांचा सवाल होता, आणि तो विचारताना ध्वजाविषयी त्यांनी जे शब्द वापरले ते सभ्य नव्हते. महाराष्ट्र पेटला तो त्या शब्दांवर. कितीतरी महिने लेखकाच्या भाषेची चर्चा झाली. नागवल्या गेलेल्या बाईचा मुद्दा त्या चर्चेत तोंडी लावण्यापुरता राहिला. मी तेव्हा लहान होते. पुढे शिकवताना ते सगळे लेखन एकत्र वाचले आणि शरम वाटली, कारण ढाल्यांच्या भाषेविषयी नापसंती दाखवणाऱ्यांत मला आवडणारे, माझी वाचनाची गोडी घडवणारे लोक होते.

नामदेव ढसाळांचा ‘गोलपिठा’ही १९७२ चाच. मुंबईच्या वेश्यावस्तीत वाढलेला, टॅक्सी चालवलेला हा तेवीस वर्षांचा कवी. संग्रहाला प्रस्तावना विजय तेंडुलकरांची. मी ती विद्यार्थ्यांना नेहमी कवितांच्या आधी वाचायला लावत असे, कारण मराठी समीक्षेतली ती एक अगदी प्रामाणिक घटना आहे. तेंडुलकर ढसाळांबरोबर त्या वस्तीत हिंडतात, कवितेतल्या शब्दांचे अर्थ त्यांना विचारून घेतात. मराठीतला एक मोठा नाटककार मराठीतल्या कवीला मराठी शब्दांचे अर्थ विचारतो आहे. पांढरपेशा वाचकाला ही भाषा कळत नाही ती तो कधी त्या अंगांच्या जवळ गेला नाही म्हणून, हे तेंडुलकरांनी स्वतःवर घेऊन दाखवले. नंतर आलेल्या समीक्षकांनी तेवढे कष्ट घेतले नाहीत. ‘बीभत्स’ हा रसशास्त्रातला शब्द हाताशी होता, तो लावला की काम भागत होते. पण बीभत्साला अंतर लागते. पाहणारा इकडे, किळसवाणे तिकडे. ढसाळांच्या कवितेत पू, थुंकी, भूक, पाळीचे रक्त, सडलेले अन्न येते ते वाचकाच्या अंगाला लागेल अशा बेताने येते. ती कविता शिवते. वाचून आंघोळ करावीशी वाटली असे एका सहकाऱ्याने मला सांगितले होते. त्याला ती निंदा वाटत होती.

शरणकुमार लिंबाळे यांनी नव्वदच्या दशकात दलित साहित्याचे वेगळे सौंदर्यशास्त्र मांडताना आनंद हा निकषच नाकारला, ते योग्यच होते. पण त्यांचा भर जाणिवेवर, विचारावर आहे. शरीर तिथेही पुन्हा मागे पडते. शिवण्याचा विचार नीट झाला तो गोपाळ गुरू आणि सुंदर सरुक्कई यांच्या ‘द क्रॅक्ड मिरर’मध्ये, आणि पुण्याला इंग्रजी शिकवणाऱ्या, मराठीतही विलक्षण लिहिणाऱ्या अनिकेत जावरे यांच्या ‘प्रॅक्टिसिंग कास्ट’मध्ये. जावरे जातीचा इतिहास क्षणभर बाजूला ठेवून केवळ शिवणे आणि न शिवणे या कृतींपासून सुरुवात करतात. ते पुस्तक हातात येईपर्यंत ते गेले होते. दोन्ही पुस्तके इंग्रजीत आहेत आणि माझी तक्रार त्यावर नाही. कुठल्या भाषेत विचार सुचावा हे कुणाच्या हातात नसते. फक्त वाचताना मी समासात प्रत्येक वेळी पेन्सिलीने लिहीत होते, इथे ‘स्पर्श’ की ‘शिवणे’?

बेबी कांबळे यांचे ‘जिणं आमुचं’ पुस्तकरूपाने १९८६ साली आले. लिहून झाल्यावर कितीतरी वर्षे त्यांनी ते नवऱ्यापासून लपवून ठेवले होते. फलटणच्या आपल्या किराणा दुकानात गिऱ्हाईक नसताना त्या लिहीत. त्यात बाळंतपणाचे वर्णन आहे. अडलेली कोवळी पोर, भोवती जमलेल्या बायका, कुणीही येऊन आत हात घालून पाहणारी, पोटात अन्नाचा कण नाही, बाळंतिणीला खायला घालायला घरात काही नाही. सुनेच्या पायात अडकवलेला लाकडी खोडा आहे, नाक कापलेल्या सुना आहेत. हे वाचताना सोयराबाई आठवते, पण सोयराबाईला देव होता, म्हणून युक्तिवाद होता. बेबीताई वाद घालत नाहीत. त्या आकडे सांगावेत तसे सांगतात, किती बाया अशा गेल्या, कोणत्या वयाच्या. मराठी स्त्रीसाहित्यात तोवर मातृत्वाच्या कविता ढिगाने झाल्या होत्या. त्यांत बाळ होते, पाळणा होता, दुधाचा पान्हा होता. हात घालून पाहणारी सुईण नव्हती.

हे पुस्तक मी आईला वाचायला दिले तेव्हा ती सत्तरीची होती. पाळी जाऊन वीस वर्षे झाली होती, पडवी पाडून तिथे मोरी बांधली होती. चार दिवसांनी तिने चष्मा काढून पुस्तक मांडीवर पालथे घातले.

“यांना कावळा शिवला की या बसत कुठे गं?” तिने विचारले. “एका खोलीचं घर म्हणतेय ही.”

मी म्हटले, बसत नसतील. कामाला जात असतील.

“म्हणजे ती सोना आपल्या गोठ्यात यायची ती त्या दिवसांतसुद्धा येत असेल.” मग बराच वेळ काही बोलली नाही. संध्याकाळी दिवा लावताना म्हणाली, “मी तिला कधी विचारलं नाही. दोघी मागल्या दारीच असायचो. ती त्या बाजूला, मी या.”